भरल्या खांद्याचं माप

हिराकाकूंनी माझ्या खांद्यांचं माप पहिल्यांदा घेतलं, तेव्हा त्यांनी टेप दोनदा उलटीसुलटी करून पाहिली. एखादं टोक झिजलंय की काय, याची खात्री करून घेतली. मग म्हणाल्या, "सोळा येतंय रं. श्वास सोडून उभा रा." मी श्वास सोडला. पावणेसोळा आलं.

त्याआधी मी त्यांना मोठ्या तोऱ्यात अठरा सांगितलं होतं. अठरा हा आकडा माझ्या लग्नाच्या वेळी नेरळच्या एका टेलरने काढला होता. त्याने सुटाच्या आत काय काय भरलं होतं हे त्याचं त्याला माहीत. मी मात्र तो आकडा पुढची सहा वर्षं स्वतःचाच समजत होतो. हिराकाकूंनी एका श्वासात सव्वादोन इंच काढून घेतले आणि वहीत लिहायला सांगितलं. वही माझ्याच हातात होती. स्वतःच्या अक्षरात स्वतःचा असा आकडा लिहायची पाळी फार थोड्या लोकांवर येत असेल.

हे हसण्यावारी नेण्यासारखं आहे म्हणून आधी सांगितलं. पुढचं तसं नाही. हिराकाकूंचं काम माझ्यामुळे गेलं, आणि चंदर नावाच्या एका माणसाचा डावा हात माझ्यामुळे जायबंदी झाला. ही गोष्ट मी आठ वर्षं कुणालाही सांगितली नाही. बायकोला सांगितली, पण तीही माझं नाव वगळून.

तेव्हा कडाव आणि खालापूरच्या मधे, डोंगराच्या पायथ्याशी भाड्याने घेतलेल्या माळावर एका ऐतिहासिक मालिकेचा सेट उभा होता. प्लायवूडचा किल्ला, फायबरच्या तोफा आणि एक दरवाजा, जो हत्तीलाही फुटणार नाही असं संवादात म्हणायचे आणि वारा सुटला की दोन माणसं धरून उभी राहायची. मी तिथे कपड्यांच्या गोदामाचा कारकून होतो. चिलखतं, अंगरखे, पगड्या यांची नोंद ठेवायची आणि कुणाला कुठल्या मापाचं काय दिलं ते वहीत लिहायचं, एवढंच काम. सैनिक, भोई, बाजारातली माणसं अशी कामं करायला आसपासच्या गावांतून आणि वरच्या ठाकरवाड्यांतून रोजंदारीवर माणसं यायची. आणि या सगळ्यांच्या खांद्यांची जबाबदारी कडावच्या हिराकाकूंवर होती.

कंपनीच्या कागदावर त्या नुसत्या शिलाईकाम करणाऱ्या होत्या. पण फायबरचं चिलखत उघड्या खांद्यावर चढवलं की तासाभरात कातडी सोलते, म्हणून आत पॅड लागतात. सुकड्या माणसाला सरदार करायचं तरी पॅडच लागतात. मेण्याचा दांडा, तोफेचा दोर, लुटीच्या पेट्या, जे जे म्हणून खांद्यावरून जायचं त्याच्याखाली हिराकाकूंनी शिवलेला पॅड असायचा.

बाई ठेंगणी, काळीसावळी, पन्नाशी उलटलेली. चष्म्याला काड्यांच्या जागी इलॅस्टिक. गळ्यात टेप इतकी कायम की एकदा त्या तशाच एका हळदीला गेल्या आणि नवरीच्या मामाचं माप घेऊन आल्या. तोंडात टाचण्या धरून बोलायची सवय. आम्हाला ते बोलणं समजायला महिना लागला, आणि टाचण्या काढून बोलल्या तर काहीतरी गंभीर आहे हे कळायला तेवढाही लागला नाही. नवं माणूस समोर आलं की त्या आधी त्याचे खांदे बघायच्या आणि मग सवडीने चेहरा. नावं त्यांच्या लक्षात राहत नसत. "त्यो उजवा पडलेला आला व्हता," असा निरोप द्यायच्या. उजवा पडलेला म्हणजे आमचे लाइटवाले, आणि ते खरंच उजवीकडे झुकलेले आहेत हे मला त्यानंतर दिसायला लागलं. मला त्यांनी कधी तशी ओळख दिली नाही. मी विचारलंही होतं. म्हणाल्या, "तुझं काय सांगू, विनू? तुझा खांदा हाय, पण सुरू व्हतो तवर संपतो."

माप घेण्याची त्यांची पद्धत मी दुसरीकडे कुठे पाहिलेली नाही. बाकीचे शिंपी माणसाला ताठ उभं करतात आणि पाठीवरून या टोकापासून त्या टोकापर्यंत टेप लावतात. हिराकाकू तेही करायच्या, पण ते माप त्यांच्या लेखी कच्चं. त्यानंतर त्या गळ्याच्या कडेपासून खांद्याच्या टोकाच्या हाडापर्यंत डावा वेगळा आणि उजवा वेगळा मोजायच्या. मग दोन्ही खांद्यांवर पालथे हात ठेवून उतार बघायच्या. आणि मग माणसाला पाण्याचा वीस लिटरचा भरलेला जार खांद्यावर घ्यायला लावून सगळं पहिल्यापासून मोजायच्या. "रिकामा खांदा काय बी सांगतो," त्या म्हणायच्या. "भार आला की हाड कुठं जातंय ते बघायचं." खरंच, जार चढला की माप अर्ध्या-पाऊण इंचाने बदलायचं. त्या बदललेल्या मापाने पॅड कापायचा, आत जुन्या गोधडीचा कापूस, मधे बकरमचं कडक कापड, वरून मांजरपाट. कच्चा टाका घालून तो माणसाला लावायचा, पुन्हा जार द्यायचा, सेटभर एक फेरी मारायला लावायची, आणि कुठे टोचत नाही असं तो म्हणाला की मगच पक्की शिलाई. एका माणसाला अर्धा तास जायचा. साठ सैनिक असले की प्रॉडक्शन मॅनेजरच्या डोक्याला ताप व्हायचा.

मॅनेजरने एकदा उपाय काढला. मुंबईहून फोमचे तयार पॅड मागवले. लहान, मध्यम आणि मोठा, बस्स. हिराकाकूंनी ते हातात घेऊन दाबून पाहिले. मॅनेजरच्याच खांद्यावर एक पॅड ठेवला, वर जार ठेवला आणि इथून तोफेपर्यंत जाऊन या म्हणाल्या. मॅनेजर हौशी माणूस, सगळ्यांच्या देखत निघाला. अर्ध्या वाटेवर पॅड छातीवर आला, जार हातातून निसटला आणि किल्ल्याच्या पायथ्याला पाण्याचं तळं झालं. फोमचे पॅड त्यानंतर चहावाल्याने बसायला घेतले. मॅनेजरने मात्र एक गोष्ट पक्की सांगून ठेवली. ज्याच्या खांद्याला काही होईल, त्याचं माप ज्याने घेतलं असेल तो घरी जाईल.

नायकाची तर वेगळीच गंमत. व्यायामाने त्याचे खांदे आधीच कानाला लागले होते. तरी पडद्यावर अजून भारदस्त दिसावं म्हणून त्याला दोन-दोन इंची पॅड हवे होते. काकू म्हणाल्या, "साहेब, देवानं दिलंय तेवढं पुरं. वरनं आनखी ठेवलं तर मान सापडायची नाय." तो रागावला. त्याने दुसऱ्या कुणाकडून तरी करून घेतले. चार दिवसांनी मान अवघडून, वळता येईना म्हणून आख्खा देह वळवत स्वतःच काकूंच्या मशीनपाशी आला. त्यांनी अस्तर उसवून सगळं काढून टाकलं आणि वर त्याला ताक दिलं.

पण खरी फजिती माझी. एके दिवशी एक सरदार आलाच नाही आणि दरबारात माणूस कमी पडला. संवाद नव्हता, नुसतं उभं राहायचं होतं. माझी निवड झाली ती मी गोदामात हाताशी होतो म्हणून, अभिनयाचा संबंध नव्हता. तेव्हाच ते पावणेसोळाचं प्रकरण घडलं. काकूंनी तीन थरांचे पॅड केले आणि बजावलं, हात वर करू नको, महाराज आले तरी नुसतं वाक. मी ते साफ विसरलो. महाराज आले, बाकीच्यांनी जयजयकार केला, माझ्याही अंगात वीरश्री संचारली आणि मी तलवार उगारली. डावा पॅड सुटला तो घसरत पोटापर्यंत आला. दिग्दर्शकाने शॉट थांबवून विचारलं की या सरदाराला कितवा महिना. ते दृश्य कापलं, पण माझा उजवा अर्धा भाग एका क्षणापुरता टीव्हीवर दिसला. आमच्या आईने तेवढ्यावर दहिवलीत पेढे वाटले.

आता त्या दिवसाचं.

कार्तिकाचे दिवस होते. भात कापून शेतात पसरलेलं आणि आभाळ भलतंच भरून आलेलं. काकूंची दोन एकर भातशेती, घरी नवरा एकटा. त्यांनी अर्ध्या दिवसाची रजा मागितली. दुसऱ्या दिवशी सकाळी राणीच्या मेण्याचा मोठा शॉट होता. मेणा खऱ्या सागाचा, आत राणी, राणीच्या मांडीवर बॅटरीचा पंखा, आणि हे सगळं उचलून चढावर न्यायला वरच्या वाडीतले आठ नवे भोई. त्यांची मापं घ्यायचं काम काकूंनी माझ्यावर सोपवलं. तीन वेळा सांगितलं. डावा वेगळा, उजवा वेगळा, आणि जार देऊन. मी तीन वेळा मान हलवली.

ते आठजण रजेच्या दिवशीच सकाळी मापासाठी आले. नाश्त्याची वेळ होती आणि त्या दिवशी मिसळ होती. मी पहिल्याचं माप घेतलं, तेही शर्टावरून आणि जाराशिवाय. सोळा आलं. मग माझी अक्कल चालली. म्हटलं, एका वाडीतले, एकाच चुलत्या-पुतण्यांतले, एकसारखी अंगकाठी, यांचे खांदे वेगळे कशाला असतील? बाकीच्या सातांना मी हातच लावला नाही. वहीत मात्र सगळीकडे सोळा लिहिलं तर संशय येईल म्हणून सोळा, सव्वासोळा, साडेसोळा असं चढतं लिहीत गेलो. डावा आणि उजवा सगळ्यांचा सारखाच मांडला. खोटं लिहितानाही मी कष्ट वाचवले होते.

काकू दुपारी आल्या. चिखलाने पाय भरलेले. वही पाहिली, माझ्याकडे पाहिलं आणि मशीनवर बसल्या. पाच वाजता पॅड झाले. ट्रायलसाठी थांबलेले भोई त्यांनी घरी पाठवले आणि स्वतःही शेताकडे पळाल्या.

त्या आठांतला चौथा चंदर. लहानपणी तो आंब्यावरून पडला होता आणि डाव्या खांद्याचं हाड वाकडं जुळलं होतं. त्यामुळे त्याचा डावा खांदा आखूड आणि टोकाशी उंचवटा. कुणीही नुसता हात ठेवला असता तर कळलं असतं. मी वहीत त्याच्या नावापुढे दोन्हीकडे सव्वापाच लिहिलं होतं.

दुसऱ्या दिवशी मेणा अकरा वेळा चढवला आणि उतरवला. एकदा ढग आडवा आला, एकदा राणीला शिंक आली. चंदर काही बोलला नाही, कारण बोललं की उद्या बोलावत नाहीत हे वाडीतल्या प्रत्येकाला ठाऊक होतं. शॉट संपल्यावर तो झाडाखाली बसला आणि उजव्या हाताने पाणी प्यायला. डावा हात मांडीवर नुसता पडून होता. कुणीतरी अंगरखा काढला तेव्हा पॅड निम्मा पाठीवर गेलेला, हाडावरची कातडी निघालेली आणि त्याला कापूस चिकटलेला. कर्जतच्या डॉक्टरांनी महिनाभर काही उचलायचं नाही म्हणून सांगितलं. नेमका तो झोडणीचा महिना. ज्याचं पोट हातावर, त्याला हात उचलू नको म्हणणं म्हणजे काय हे मला समजत होतं. मला लाज वाटली. अजून वाटते.

मॅनेजर आला. सगळे गोळा झाले. त्याने विचारलं, "माप किसने लिया था?" वही माझ्या काखेत होती. मी वाकून बुटाची नाडी बांधायला लागलो. माझ्या पायात चप्पल होती.

हिराकाकूंनी तोंडातल्या टाचण्या काढल्या. "माप माजं," त्या म्हणाल्या.

त्यांना त्याच दिवशी दुपारी घरी पाठवलं. मशीन त्यांचं स्वतःचं होतं, ते त्यांनी टेंपोत चढवलं. कंपनीची कात्री माझ्याकडे परत देताना एवढंच म्हणाल्या, "वही नीट लिहीत जा, विनू." मी कात्री जमा केल्याची नोंद केली. ती अगदी नीट केली.

पुढे मालिका संपली, किल्ला भंगारात गेला. मी इकडेतिकडे नोकऱ्या करत अखेर कर्जतजवळच्या एका रिसॉर्टमध्ये लागलो. या आठ वर्षांत मी मनाशी एक गोष्ट रचली होती. एक थोर बाई, तिने एका दुबळ्या माणसाला पाठीशी घातलं, आणि तो माणूस ते ओझं आयुष्यभर वाहतोय. दुबळा मीच असलो तरी गोष्टीच्या मधोमध मीच होतो, आणि खरं सांगायचं तर त्यात मला थोडं बरंही वाटायचं. मी कितीदा तरी कडाववरून गेलो. त्यांच्या घराशी कधी थांबलो नाही.

गेल्या दिवाळीनंतर रिसॉर्टने आम्हाला ब्लेझर घालायची सक्ती केली. तयार ब्लेझर माझ्या अंगावर असा लोंबायचा की एका पाहुण्याने मला, हा कुणाचा आहे, म्हणून विचारलं. बायको म्हणाली, तुमच्या त्या काकूंकडे जा ना, पॅड बसवून घ्या. म्हणजे शेवटी गेलो तो पश्चात्तापाने नाही, ब्लेझरसाठी गेलो.

हिराकाकू ओटीवर मशीनशी बसल्या होत्या. चष्मा जाड झालेला, इलॅस्टिक नवं. त्यांनी माझे खांदे पाहिले आणि म्हणाल्या, "विनू का रं? ये." चहा झाला. ब्लेझर चढवून त्यांनी माप घेतलं. मधल्या काळात मी पाव इंच अजून गमावला होता. त्या पॅडसाठी कापूस पिंजत बसल्या आणि मला एकदम राहवेना. मी म्हटलं, काकू, त्या दिवशी मी मापं घेतलीच नव्हती.

"मला ठावं हाय की," त्या म्हणाल्या.

मी विचारलं, कधीपासून?

"वही बघितली तवाच. आठ मानसं अशी जिन्यावानी चढत कुठं असत्यात? आन डावा-उजवा सारखा असलेला मानूस मी अजून बघितला नाय."

"मग माझं नाव का नाही सांगितलंत?"

त्यांनी टाचण्या काढून मशीनवर ठेवल्या. "तुझं नाव घिऊन मी काय करू? वही खोटी हाय ते मला दिसलं, तरी मी शिवलं. भात भिजत व्हतं, मला घरी जायची घाई. भोई थांबले व्हते, मीच त्यांना जा म्हनलं. ट्रायल घेतल्याबिगर मी कंदी पॅड दिला नव्हता. त्या दिवशी दिला. मंग माप कुनाचं झालं? माजंच."

आठ वर्षं जपलेली गोष्ट दोन मिनिटांत उसवली. त्यांनी मला पाठीशी घातलंच नव्हतं. त्या स्वतःच्या चुकीचं बोलत होत्या आणि त्यात मी कुठे नव्हतोच. दरबारातल्या सरदाराइतकीही माझी भूमिका नव्हती. क्षणभर वाईट वाटलं. मग लगेच मनात आलं की म्हणजे आपण सुटलो.

माझ्या चेहऱ्यावर ते दिसलं असावं. काकू म्हणाल्या, "तुझं तुझ्यापाशी हाय. थांब जरा, तो येईल आता."

चंदर कडावच्या भाताच्या गिरणीत हमाली करतो हे मला तेव्हा कळलं. डावा हात कानाच्या वर अजून जात नाही, पण पोतं उचलतो. दर वर्षी झोडणीच्या आधी काकू त्याला नवा पॅड शिवून देतात, कारण त्या हाडाचं माप दर वर्षी थोडं सरकतं. तो आला, मला ओळखून हसला आणि सवयीने शर्ट काढून उभा राहिला. काकूंनी गळ्यातली टेप काढली. ती त्यांनी दुसऱ्या कुणाला दिलेली मी कधी पाहिली नव्हती. त्यांनी ती माझ्या हातात दिली.

"आज तू घे," त्या म्हणाल्या. "चंदर, पोतं घे रं डाव्यावर."

कोपऱ्यात तांदळाचं पोतं होतं. चंदरने ते गुडघ्याने उचलून डाव्या खांद्यावर घेतलं. मी टेपचं टोक त्याच्या गळ्याशी धरलं आणि दुसरं त्या वाकड्या हाडावर टेकवलं. हाड माझ्या बोटाखाली हललं. आकडा बघायचा राहिला. मी म्हणालो, "चंदर, त्या वेळी तुझं माप मी खोटं लिहिलं होतं. काकूंनी नाही."

त्याने मान वळवली नाही. पोत्याखाली ती वळणार नव्हतीच.

"आदी माप घ्या, भाऊ," तो म्हणाला. "पोतं जड हाय."

मी माप घेतलं. पाच, असं मोठ्याने सांगितलं.

हिराकाकू मशीनमध्ये दोरा ओवत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "परत घे."

मी परत घेतलं. पावणेपाच आलं.